पंक्तिप्रपंच

"मावशी, इथे साइन कर, बस. बाकी मैं देख लूँगा."

गुरुप्रसादने कागद शरयूताईंपुढे सरकवला. सिटी सेंटरमागचा एक भूखंड कर्णबधिर मुलांच्या शाळेला दिल्याचा तो आदेश होता. शाळा शरयूताईंची, उत्तरेतल्या या हिंदीभाषक शहराच्या माधवगंज भागात भाड्याच्या दोन खोल्यांत भरणारी. घरमालकाला त्या खोल्या दिवाळीपर्यंत रिकाम्या हव्या होत्या. भाचा नेमका जमीनवाटपाच्या सरकारी कार्यालयात होता, आणि सरकारी नोकरीत असूनही कामाचा माणूस होता.

शरयूताईंना भरून आलं. पेनचं टोपण काढता काढता त्यांनी सहज विचारलं, आणखी कुणाकुणाचे अर्ज होते? गुरुप्रसाद हसला. अर्ज येणार कसे, जाहिरातच काढली नव्हती. नियम आहे खरा, की सरकारी जमीन आधी जाहीर करायची, सगळ्यांचे अर्ज मागवायचे आणि मगच कुणाला द्यायची. नाहीतर कोर्ट वाटप रद्द करू शकतं. पण शाळेसारख्या चांगल्या कामाविरुद्ध कोर्टात जातंय कोण?

शरयूताईंनी टोपण परत लावलं.

"गुरू, हा पंक्तिप्रपंच झाला."

पंगतीत ओळखीच्या पानावर जिलबी जास्त वाढणाऱ्याला त्यांच्या घरात हा शब्द ऐकवला जाई. शिवी परवडली, पण हा शब्द नको, असं सगळ्यांना वाटे. गुरुप्रसादचा चेहरा उतरला, मग तापला. मावशीसाठी त्याने नोकरी पणाला लावली होती.

"मग दिवाळीनंतर मुलं कुठे बसवशील? सडक पे?"

शरयूताईंनी कागद त्याच्याकडे परत सरकवला. सही त्यांनी केली नाही.

तो आदेश मागे पडला आणि रीतसर जाहिरात निघाली. शरयूताईंनीही अर्ज केला, म्हणून फाइल गुरुप्रसादकडून दुसऱ्या अधिकाऱ्याकडे गेली. बरेच अर्ज आले, समितीने प्रत्येकाची जागा जाऊन पाहिली, आणि भूखंड शरयूताईंना मिळाला नाही. दिवाळीनंतर त्यांची शाळा जयेंद्रगंजातल्या त्यांच्याच बैठकीच्या खोलीत भरू लागली. जागा पुरेना. काही मुलांना पालकांनी घरीच ठेवून घेतलं. शरयूताई त्या दिवसांत फार रडल्या. दोष द्यावा असं कुणी नव्हतं, त्याचा त्रास अधिक होता.

तरी त्या भूखंडाच्या भूमिपूजनाला त्या गेल्या. गुरुप्रसाद धुसफुसतच सोबत आला. ज्यांना जागा मिळाली त्या विनिताबाईंची शाळा शहराबाहेर, दगडखाणीजवळ पत्र्याखाली भरायची. खाणकामगारांची मुलं मांडवात दाटीवाटीने बसली होती आणि भराभर हातवारे करत एकमेकांशी बोलत होती. तीही सगळी कर्णबधिरच.

"नियम पाळून काय मिळालं, मावशी?" गुरुप्रसादने विचारलं.

शरयूताईंनी मांडवातल्या मुलांकडे बोट दाखवलं.

"अरे, याच गावात जन्मभर बहिऱ्या मुलांना शिकवलं मी," त्या म्हणाल्या, "आणि ही मला कधी ऐकूच आली नाहीत."