एकतीस डिसेंबरचं बाळ

डॉक्टर म्हणाले, "घाई नाही, उद्या बघू." पण डोरीन हटून बसली. "आज वर्षाचा शेवटचा दिवस. बाळ आज झालं, तर आमच्यासारख्यांना सरकार मुलामागे अख्ख्या वर्षाचे पैसे देतं. आजच करा!"

डेमियन संध्याकाळी झाला. त्या पैशांत जुनी गाडी आली.

आज डेमियनला सतरा पूर्ण झाली. बाहेर बर्फ, घरातला हीटर बंद. डोरीनने यंदाच्या पैशांचा अंदाज काढला आणि कपाळाला हात लावला.

"काय गं?" नवऱ्याने विचारलं.

"पैसे मिळायला वर्षाच्या शेवटच्या दिवशी मूल सतराच्या आत असावं लागतं. एका दिवसाने गेले रे पैसे!"



केक खाता खाता डेमियन म्हणाला, "तेव्हाच डॉक्टरांचं ऐकायचं ना, मॉम."