पक्के सरळ

माझ्या पार्लरमध्ये चाचणीसाठी लावलेल्या केस सरळ करायच्या रसायनाने नवरीच्या कानामागे लालभडक चट्टा उठला, तेव्हा मी तिच्या होणाऱ्या सासूबाईंना म्हटलं, "हिचे कुरळे केस नुसत्या इस्त्रीने सरळ करू. केसाच्या रेणूंमधले नाजूक बंध तेवढ्या उष्णतेनेही सुटतात."

"ते मला शिकवू नका!" त्या उसळल्या. "थेंबभर पाणी लागलं की ते बंध परत होते तसे जुळतात, आणि सगळं मुसळ केरात. रसायन लावा, पक्के बंध तोडा. आमच्या घरात असलं घरटं कुणाच्या डोक्यावर नाही!"

"अहो, कातडी भाजेल तिची."

"भाजू दे. फोटोत केस दिसतात, कातडी नाही."

माझ्या मस्तकात तिडीक गेली. पण मी तोंड उघडायच्या आत नवरी खुर्चीतून उठली, केस भिजवायची फवाऱ्याची बाटली तिने उचलली आणि सासूबाईंच्या सरळसोट, गुळगुळीत केसांवर ती दाबतच सुटली. त्या किंचाळत होत्या आणि त्यांची एकेक बट गुंडाळत वर चढत होती.



आरशात आता दोन घरटी होती. मोठं सासूबाईंचं होतं.