परीटघडी

सकाळीच आखातातल्या वादी अदाई वस्तीत देविकाताईंच्या घरी शेजारी टीव्हीसमोर जमले होते. त्यांचा लेक यशोधन अमेरिकन फुटबॉलमधल्या कारकिर्दीतली अखेरची मॅच खेळत होता. “मावशी, तेरा वर्षांत त्याने एकदाही बॉल हातात घेतला नाही?” शेजारच्या रचनाने विचारलं. “त्याचं काम बॉल फेकणाऱ्याला सांभाळायचं. तू फेकणाऱ्याचा शर्ट बघ.” शेवटचं मिनिट उरलं. चिखलातून तीन धिप्पाड गडी फेकणाऱ्यावर चाल करून आले. “खलास!” रचना किंचाळली. यशोधन मध्ये भिंतीसारखा उभा राहिला. तिघेही त्याच्यावर आदळून कोसळले. फेकणाऱ्याने बॉल फेकला, पलीकडे त्यांच्याच गड्याने झेलला, मॅच खिशात! मग फोनवर चिखलाने माखलेला यशोधन दिसला. “आई, जिंकलो!” “ते पाहिलं रे. फेकणाऱ्याला पुढे बोलाव.” फेकणारा हसत पुढे आला. पांढऱ्या शर्टावर एकही डाग नव्हता. ताईंनी फोन सगळ्यांसमोर धरला. “परीटघडी बघा! माझ्या लेकाने राखलेली.”