गुणी बाळ

दुपारी बाळ पाळण्यात निजलं, तसे नवरा-बायको पाय न वाजवता नवा कीबोर्ड अँप्लिफायरला जोडू लागले.

"हळू रे! उठलं तर तूच जोजव," ती कुजबुजली.

"आपलं बाळ गुणी आहे. कशानं म्हणून उठत नाही," तो हसला, आणि आवाजाचं बटण शेवटापर्यंत फिरलेलं आहे हे न बघताच त्यानं केबल खुपसली.

असा धमाका झाला की खिडकीच्या काचा थरथरल्या. पलीकडून शेजारच्या काकू ओरडल्या, "अहो, भिंत पाडताय की काय?"

दोघांनी श्वास रोखून पाळण्याकडे पाहिलं. बाळाची पापणीसुद्धा हलली नव्हती. झोप कशी, वारा पडलेल्या तळ्यासारखी.

"वाचलो गं!" तो म्हणाला.

ती हसली नाही. पाळण्याशी जाऊन बसली. बाळ जन्मल्यापासून ज्या कानांत ती अंगाई ओतत आली, त्या कानांजवळ तिनं टाळी वाजवली. पुन्हा वाजवली. मग बाळावरची नजर न काढता म्हणाली, "वाजव. मघाएवढ्याच जोरात."

त्यानं पट्टीवर बोट ठेवलं. पण ती दाबायचा धीर त्याला होईना.