पायाचा मुहूर्त

मंगळ आडवा आला आणि आजचाही मुहूर्त हुकला.

बिंदाच्चोने कपाळावर हात मारला. उभी हयात परदेशात रेशीम विकून तो म्हातारपणी फ्लॉरेन्सला परतला होता, तो एका हवेलीसाठी. खाली ओबडधोबड दगडांची भिंत, वर कमानदार खिडक्या, आत खांबांचा चौक. लाकडी नमुना केव्हाच तयार होऊन धूळ खात पडला होता. आता गुडघे बोलायला लागले होते. मरायच्या आधी एक रात्र तरी स्वतःच्या हवेलीत झोपावं, एवढंच त्याचं मागणं होतं. पण ग्रह जुळल्याशिवाय या शहरात कोणी पायाचा दगड बसवत नाही, आणि याचे ग्रह काही केल्या जुळत नव्हते.

"आकाश काय माझ्या हुकमात आहे?" ज्योतिषी तद्देओ म्हणाला.

"जीभ तर आहे ना?" गवंड्यांचा मुकादम मेओ उसळला. "इथे चुना भिजून पडलाय, माणसं माश्या मारतायत. बुवा, तुमच्या त्या मंगळाला एकदा माझ्यासमोर उभा करा."

त्याने तद्देओची गचांडी धरली. शेवटी बिंदाच्चोलाच मध्ये पडावं लागलं. दर मुहूर्ताला हाच तमाशा व्हायचा. शेजारीपाजारी बघायला जमायचे आणि तोंड फिरवून हसायचे. दुसऱ्याची फजिती सगळ्यांनाच गोड लागते, असं म्हणून बिंदाच्चो चडफडायचा. मेओवर मात्र त्याचा जीव होता. गावात आपल्या बाजूने भांडणारा तेवढा एकच, असं त्याला वाटे.

जागेच्या कोपऱ्यात मोना पिएरा नावाच्या विधवेचं जुनं घर होतं. हवेलीसाठी जागा सोडावी असा सरकारी हुकूम निघाला म्हणून तिने ते नाइलाजाने विकलं, पण एका अटीवर. पायाचा दगड बसेपर्यंत ती तिथून हलणार नव्हती. लग्न होऊन याच घरात आले, डोळेही इथेच मिटेन, असं ती ज्याला त्याला सांगायची. म्हातारी बोलायला गोड होती, त्यामुळे तिच्यावर रागावताही येत नसे.

रविवारी मात्र बिंदाच्चोचा संयम सुटला. ग्रह गेले खड्ड्यात, उद्या सकाळी कुदळ मारायची, असं त्याने ठरवलं. म्हातारीला हे आपल्याच तोंडून कळलेलं बरं, म्हणून चर्चमधून तो तडक तिच्या घरी गेला.

दार उघडंच होतं. चुलीवर घेवड्याचं सार रटरटत होतं. टेबलाशी बसून मेओ आणि तद्देओ एकाच वाडग्यात पाव बुडवून खात होते. त्याला पाहताच दोघांचे हात जागीच थांबले.

मोना पिएराने शांतपणे आणखी एक वाडगा काढला.

"बसा मालक, गरम आहे तोवर घ्या," ती म्हणाली. "दोघंही माझेच लेक. लहानपणापासून भांडतात मेले, पण आईचा शब्द मोडत नाहीत."