नोटीस न देता

"नोटीस कुठे आहे?" न्यायाधीशांनी दुसऱ्यांदा विचारलं.

सरकारी वकिलाने फाइल उलटी केली, सुलटी केली. असती तर सापडली असती ना!

मागच्या बाकावर औषधवाल्या काकू चष्म्याची दांडी चावत बसल्या होत्या. काका गेले तेव्हा मुलगी कडेवर होती. तेव्हापासून अठ्ठावीस वर्षं कोपऱ्यावरचं औषधांचं दुकान त्यांनी एकटीने चालवलं. पाच महिन्यांपूर्वी परवाना रद्द झाला आणि शटर खाली आलं. आज निकाल विरुद्ध गेला, तर ते कायमचंच.

त्यांची वकील म्हणजे त्यांचीच भाची. ती शांतपणे उभी राहिली. "तक्रार सकाळी आली, परवाना दुपारी रद्द झाला. नोटीस नाही, सुनावणी नाही, दुकानाची तपासणी नाही. आदेशात धड कारणसुद्धा नाही."

"इतका कच्चा आदेश मी बऱ्याच वर्षांत पाहिला नाही," न्यायाधीश म्हणाले. "अधिकाऱ्यांना साधे नियम माहीत नसावेत." वीस मिनिटांत आदेश रद्द. परवाना आठवड्याच्या आत परत द्यायचा.

काकूंना आधी काही कळेचना. "म्हणजे जिंकलो का गं?"

"जिंकलो, आत्या!"

मग मात्र त्यांचे डोळे जे वाहू लागले ते थांबेनात. न्यायाधीशांना त्यांनी हात जोडले, शिपायाला जोडले आणि त्या गडबडीत सरकारी वकिलालाही जोडले. तो बिचारा ओशाळला.

बाहेर पायऱ्यांवर बसून त्यांनी पहिला फोन मास्तरांना लावला. दुकान बंद झाल्यापासून म्हातारे मास्तर इन्सुलिनसाठी दोन बस बदलून जात होते. तरी गल्लीतल्या दोनशे जणांच्या सह्या त्यांनीच घरोघर फिरून गोळा केल्या होत्या.

"मास्तर, तुमचे उपकार कसे फेडू?"

"शटर उघडा, फिटले!" मास्तर ओरडले.

काकूंनी भाचीचा हात घट्ट धरला. "काय माणसं भेटली गं मला! मी फार भाग्यवान आहे."

"आणि अधिकारी मठ्ठ भेटला, तेही भाग्यच," भाची हसली.

"त्या मेल्याचा विषयच काढू नकोस! मी समोर गयावया करतेय आणि हा मान वर करायला तयार नाही. म्हणतो कसा, 'इथे रडून उपयोग नाही, सरळ कोर्टात जा.' दगड नुसता!"

आठवड्याने काकू परवाना आणायला सरकारी कार्यालयात गेल्या. साहेबांची खुर्ची रिकामी होती. कारकून बाईंनी कपाटातून परवाना काढला, तारीख टाकली, शिक्का मारला. काकूंनी त्यांचेही तोंडभरून आभार मानले.

"तुमचे ते साहेब कुठेत?" मग त्यांनी विचारलंच.

"बदली झाली. लांब, आडबाजूला. कोर्टाने ताशेरे ओढले ना."

"बरं झालं! परवाना रद्द करण्याआधी नोटीस द्यायची असते, एवढं तरी शिकेल आता."

कारकून बाईंनी दार लोटून घेतलं आणि आवाज खाली आणला. "काकू, या ऑफिसात नोटीस कशी काढायची, ते आम्हा सगळ्यांना त्यांनीच शिकवलंय."

"मग माझ्याच वेळी कशी विसरले?" काकूंनी विचारलं.

"कुणा बड्या माणसाला तुमची कोपऱ्यावरची जागा हवी होती. दुकान बंद झालंच पाहिजे, म्हणून वरून फोन आला. मी नोटीस टाइप करून सहीला ठेवली होती."

"मग?"

"साहेबांनी ती फाडून टाकली. म्हणाले, नियमाप्रमाणे गेलो, तर त्या बाईंचं दुकान खरंच बंद होईल."