हसणाऱ्यांच्या बाकावरचा नवा माणूस

नवा माणूस पुन्हा तोंडावर हात ठेवून हसला आणि आन्सेल्मो बार्दारो पुढचं वाक्य विसरला.

चित्रीकरण थांबलं. साऱ्या ब्युनोस आयर्सला 'लिफ्टवाला चिचो' म्हणून लाडका असलेला आन्सेल्मो टोपी काढून डोकं खाजवू लागला, तसं कॅमेरामनला वाटलं, हाही विनोदच आहे.

कॅमेऱ्यामागे एक लांब बाक होता. त्यावर बसणाऱ्यांना चॅनेल फक्त हसण्याचा पगार देई. घरोघरी ते ऐकू येत, दिसत कधीच नसत. डोक्यावर माइक टांगलेला, म्हणून मान वर करून, तोंड उघडून हसायचं, ही त्या धंद्याची बाराखडी. हा गडी मात्र मान खाली घालून, तोंड झाकून हसत होता. बरं, पडेल विनोदावर हसणं हेच तिथलं खरं काम, तर हा नेमका चांगल्या विनोदांवर हसायचा. असला हसणारा आन्सेल्मोने उभ्या आयुष्यात पाहिला नव्हता.

बाकाची म्होरकी होती दोन्या एर्मिंदा, म्हणजे एर्मिंदाबाई. आन्सेल्मोने तिला बाजूला घेतलं.

"हा कुठून उपटला?"

"शेजारणीचा मुलगा आहे रे. शिकेल हळूहळू."

"मागच्या आठवड्यात भाचा म्हणाली होतीस."

"भाच्यासारखाच की. अरे, तू तंबूत उड्या मारत होतास तेव्हापासून हसतेय मी तुला. माझ्यावर संशय घेतोस?"

ते खोटं नव्हतं. जत्रेतल्या तंबूतून तो सिनेमात आला, सिनेमातून टीव्हीवर, आणि एर्मिंदाचं गडगडाटी हसू त्याच्या मागोमाग आलं. पण दिवसच असे होते की सख्ख्या भावाचा भरवसा नव्हता. लष्कराचं राज्य होतं. नंबरपट्टी नसलेल्या गाड्या यायच्या आणि माणूस घेऊन जायच्या. कार्यक्रमाचा लेखक ओरेस्ते मार्चमध्ये घरून निघाला, तो स्टुडिओत पोचलाच नाही. एकेका नटाचं नाव पडद्यावरून गळत गेलं. चिचोचा कार्यक्रम तेवढा टिकला, उलट मंगळवारवरून रविवारी आला. नशीब लागतं बाबा, असं लोक म्हणत.

आणि आता हा माणूस. विश्रांतीत 'माते' नावाच्या कडू चहाचा प्याला फिरे. एकाच नळीने सगळे आळीपाळीने तो ओढत आणि गप्पांना ऊत येई. हा मात्र भिंतीला पाठ लावून दाराकडे बघत बसे. सगळ्यांचं ऐके, स्वतः ब्र काढत नसे. आन्सेल्मो आला की त्याचे डोळे चटकन खाली जात.

"खबऱ्या आहे," मेकअपवाला गाएतानो पुटपुटला. "वरून पाठवलाय. जपून, मेस्त्रो."

आन्सेल्मोने त्या दिवशी कर्नलवरचा विनोद स्वतःच गाळला. साठीला आलेल्या माणसाने आता परत तंबूत जाऊन ढुंगणावर लाथा खायच्या? आणि नुसता कार्यक्रम गेला तर सुटलो म्हणायचं. ओरेस्तेचा कार्यक्रम गेला नव्हता, ओरेस्तेच गेला होता.

शेवटी त्याला राहवेना. दुपारी त्याने त्या माणसाला आपल्या खोलीत बोलावलं आणि स्वतःच्या हाताने माते भरून पुढे केला.

"हसताना तोंड का झाकतोस?"

"सवय आहे, साहेब."

"माइक तुझ्या गुडघ्याशी लटकवू का मग?" आन्सेल्मो हसला नाही. "हे बघ, मला आडपडदा जमत नाही. तुला कुणी पाठवलंय?"

माणसाचा चेहरा पांढराफटक पडला. मग त्याला काहीतरी उमगलं आणि तो पहिल्यांदाच हात न ठेवता हसला.

"म्हणजे तुम्ही मला घाबरता?"

"सगळा स्टुडिओ घाबरतो."

"अरे देवा." त्याने प्याला खाली ठेवला. "मी रोसारियोचा शिक्षक. बायकोला शाळेच्या दारातून उचललं, मी मागच्या भिंतीवरून पळालो. दोन्या एर्मिंदा माझी कुणी नाही, पण तिनेच लपवलं. म्हणाली, जिथे तुझं तोंड कुणाला दिसणार नाही अशी एकच नोकरी आहे."

"आणि पुढे?"

"शुक्रवारी तिग्रेच्या धक्क्यावरून फळांची होडी निघते. पलीकडे उरुग्वे. तेवढे दिवस सांभाळून घ्या. पकडलो तर जिवंत सोडायचे नाहीत."

आन्सेल्मो खुर्चीत मागे रेलला. इतक्या दिवसांचं ओझं एकदम उतरलं आणि त्याच्या डोळ्यांत खरंच पाणी आलं. उठून त्याने त्या माणसाला घट्ट मिठी मारली.

"जिवात जीव आला रे बाबा. जा, बाकावर बस. आणि जरा मान वर करून हस, नाहीतर लोकांना संशय यायचा."

माणूस डोळे पुसत गेला. आन्सेल्मोने दाराला आतून कडी घातली आणि फोन उचलला.

"कर्नलसाहेब, चिचो बोलतोय. या वेळी खबर द्यायला उशीर झाला, माफ करा. बाकावर एक नवा माणूस आलाय, मला वाटलं माझ्यावर नजर ठेवायला तुम्हीच पाठवलात, म्हणून गप्प होतो. तो तुमचा नाही. शुक्रवारी तिग्रेच्या धक्क्यावर, फळांच्या होडीत सापडेल. आणि एर्मिंदा नावाची एक म्हातारी आहे, तिलाही उचला."